एक व्यक्ती कमी

आमच्या घरात बॅकअप अमावस्येला घेतात. ही पद्धत अण्णांची, म्हणजे माझ्या वडिलांची. अमावस्येला कुणाकडे कार्य नसतं, कुणाचं बोलावणं नसतं, माणूस घरात सापडतो, असं त्यांचं म्हणणं. शिवाय कॅलेंडरवर काळा गोल छापलेला असतो, त्यामुळे विसरलो म्हणायची सोय नाही. वीज मंडळातून निवृत्त झाल्यावर त्यांनी घरच्या फोटोंचा कॅटलॉग हातात घेतला आणि मरेपर्यंत सोडला नाही. माघात ते गेले आणि हे काम माझ्याकडे आलं. घरात कुणालाच नको असलेली कामं शेवटी माझ्या दारात येतात, त्याचं मला आता आश्चर्यही वाटत नाही.

सर्वपित्रीला दुपारी मी बॅकअपची डबी काढली. हल्ली कराडमध्ये भाद्रपदातही बारा ते चार उन्हाची सुट्टी असते. नगरपालिकेतलं पाणीपुरवठ्याचं टेबल बंद करायचं, घरी येऊन जेवायचं आणि पडायचं, हा माझा दिनक्रम. त्या दिवशी पडायच्या आधी काम उरकावं म्हणून डबी पडद्याला जोडली. डबी म्हणजे साबणाच्या वडीएवढी पेटी. ती कॅटलॉगमधलं नवं काय ते उतरवून घेते, जुन्यावर चढवते आणि गप्प बसते. या वेळी ती मध्येच थांबली. पडद्यावर आलं : 'मागील बॅकअपपेक्षा एक व्यक्ती कमी आहे. पुढे जायचे?'

मला वाटलं, अण्णा. गेलेल्या माणसाचं नाव यंत्रानं उडवलं असेल. पण कॅटलॉगमध्ये गेलेली माणसंही राहतात, आणि अण्णा होते आपल्या जागी, चष्मा कपाळावर चढवून. आई होती. मी होते, माझा भाऊ सौमित्र होता, दोन्हीकडची मुलं होती. नव्हती ती पुष्पामावशी. ती तर दोन गल्ल्या पलीकडे अण्णांच्या फ्लॅटमध्ये राहते, आणि त्याच सकाळी तिनं माझ्याकडे वड्यांचा डबा पाठवला होता.

मावशी कोण ते सांगते. मी पाच वर्षांची असताना आई काविळीनं गेली. वर्ष उलटायच्या आत अण्णांनी तिच्या धाकट्या बहिणीशी लग्न केलं. 'माय मरो पण मावशी जगो' ही म्हण लोक आमच्याकडे येऊन, चहा पिता पिता, माझ्या तोंडावर म्हणायचे. मला ती तेव्हाही आवडली नाही आणि आजही आवडत नाही, पण आमच्या घरात ती खोटी ठरली असं मला म्हणता येणार नाही. मावशीनं मला वाढवलं. सौमित्र तिच्या पोटचा. तो तिला आई म्हणतो आणि मी मावशी. हे तिनंच ठरवलेलं. "आई म्हणजे अक्का. मी मावशी," असं तिनं मला घरात आल्या आल्या सांगितलं आणि तो विषय परत काढला नाही.

आता कॅटलॉगचं. तुम्ही आमच्या वयाचे असाल तर तुम्हाला तो उन्हाळा आठवत असेल. गावोगावी विहिरी आटल्या होत्या, दवाखान्यांची वीज जात होती, आणि आपले फोटो साठवणारी गोदामं थंड ठेवायला मात्र धरणाचं पाणी अखंड चाललं होतं. लोक रस्त्यावर उतरले. मग सरकारनं प्रत्येक घराला साठ्याची मर्यादा घातली, आणि कंपन्यांनी बीजपद्धत आणली.

फोटो म्हणजे लाखो ठिपक्यांचे रंग. त्यातलं बहुतेक यंत्राला न सांगताही कळतं. आकाश वर असतं, भिंत सरळ असते, साडीला निऱ्या असतात. जे अंदाजानं कळत नाही तेवढंच जपायचं : कोण आहे, कुठे उभं आहे, काय नेसलंय, मान कुठे वळली आहे, हसू कसलं आहे, उजेड कुठून येतो. एवढ्याचं बीज होतं, आणि एका जुन्या फोटोच्या जागेत अशी हजारो बीजं मावतात. तुम्ही फोटो उघडलात की यंत्र बीजावरून तो नव्यानं काढतं. रांगोळी पुसून टाकायची आणि ठिपके तेवढे ठेवायचे, असा हा प्रकार आहे.

चेहरा मात्र दर बीजात ठेवत नाहीत. तो माणसागणिक एकदाच ठेवतात, आणि त्याला चेहरेपट्टी म्हणतात. त्या माणसाच्या नावावरचे सगळे फोटो चाळून यंत्र ती बनवतं. तो विशीत कसा दिसत होता, साठीत कसा दिसेल, सगळं तिच्यातून काढता येतं. पूर्वी कॅटलॉग म्हणजे नुसती यादी असायची आणि फोटो निराळे असायचे. यादी हरवली तरी फोटो कुठे जात नव्हते. आता फोटो असे उरलेलेच नाहीत. मूळ फोटो आम्ही सगळ्यांनी सह्या करून पुसून टाकले. कागदी अल्बमांचा तर कृष्णा-कोयनेच्या पुरात आधीच लगदा झाला होता. म्हणून अण्णा कॅटलॉगला जपायचे आणि अमावस्या चुकवायचे नाहीत.

काय झालंय ते बघावं म्हणून मी माझ्या लग्नातला कन्यादानाचा फोटो उघडला. अण्णा पाटावर बसले होते. त्यांच्या शेजारी, मावशी बसली होती तिथे, आई बसली होती.

आई गेली तेव्हा तिशीची होती. पडद्यावरची बाई पन्नाशीकडे झुकलेली, कानशिलांवर पांढरी झालेली, हनुवटीखाली जरा सुटलेली. पण ती आईच होती, तिचंच कपाळ आणि तिच्याच भुवया. माझ्या हातावर पाणी सोडत होती. मला आनंद झाला. धक्का नंतर बसला, काळजी त्याच्याही नंतर वाटली. आधी नुसता आनंद झाला, आणि तो इतका झाला की मी उठून दाराला कडी घातली.

मग मी एकेक उघडत गेले. बारावीच्या निकालाला आई पेढे वाटत होती. माझ्या बाळंतपणात आई खाटेशी बसली होती. माझ्या मुलीच्या बारशाला आईनं तिला पाळण्यात घातलं होतं. तिचे केस पिकत गेले होते, पाठीला बाक येत गेला होता, आणि शेवटी तिचे हात थेट आजीसारखे झाले होते. 'पुढे जायचे?' हा प्रश्न पडद्याच्या कोपऱ्यात तसाच होता. पुढे गेले असते तर डबीतला जुना कॅटलॉग पुसला गेला असता. मी 'नंतर' दाबलं.

संध्याकाळी मावशीकडे गेले. ती स्वयंपाकघरात घेवड्याच्या शेंगा मोडत बसली होती.

"मावशी, कॅटलॉगला काही केलंस का?"

"केलं," ती म्हणाली. "ह्यांच्या मागे मीच ना त्याची मालकीण. सारखं काहीतरी विचारतं ते. ह्याला ओळखता का, त्याला ओळखता का."

"या वेळी काय विचारलं?"

"हेमलता आणि पुष्पलता एकच आहेत का, म्हणून." तिनं शेंगेची शीर ओढली. "हे असताना पण विचारायचं. आम्ही दिसायला एकीसारखी एक. हे दरवेळी 'नाही' दाबायचे. मी 'हो' दाबलं. मग म्हणालं, खरा चेहरा कोणता ठेवू. मी अक्काचा दाखवला."

"कधी केलंस हे?"

"नवमीला."

पितृपंधरवड्यातली नवमी ही नवऱ्याआधी गेलेल्या बायकांची. अविधवा नवमी म्हणतात तिला. मावशी दर वर्षी त्या दिवशी आईच्या नावानं एक सवाष्ण जेवायला बोलवायची, तिची ओटी भरायची, पुरणावरणाचा स्वयंपाक करायची. तिच्या हातचं पुरण एरवी फक्त होळीला मिळायचं.

"गुरुजी म्हणाले, आता नवमी बंद," मावशी म्हणाली. "नवरा गेला की बाईचं वेगळं पान नाही. सर्वपित्रीला सगळ्यांबरोबर. म्हटलं, वर्षातला एक दिवस होता अक्काचा, तो पण गेला. त्या दिवशी सकाळपासून काही सुचेना बघ. सैपाक करायचा नव्हता, कुणी यायचं नव्हतं. मी कॅटलॉग हातात घेऊन बसले, तर त्यानं नेमकं तेच विचारलं."

"अगं पण तुझे सगळे फोटो गेले त्यात."

"मला काय करायचेत माझे फोटो? तिचे मूठभर आणि माझे पोतंभर. जरा कुठे गेलं की ह्यांचा कॅमेरा बाहेर. सगळं तिच्याच वाट्याचं होतं, केतकी. घर तिचं, नवरा तिचा, तू तिची. मी आपली राखण करत बसले. दमले मी आता. ज्याचं त्याला देऊन टाकलं."

मी तिला नियम सांगितला. एकत्र केलेले दोन चेहरे पंधरा दिवसांत वेगळे करता येतात, जुना बॅकअप असेल आणि मालकानं संमती दिली तर. त्यानंतर कंपनी एक चेहरेपट्टी कायमची पुसते आणि मग जुना बॅकअपही चालत नाही. डबी माझ्याकडे होती. मुदत खंडेनवमीपर्यंत होती.

"मी काही संमती देणार नाही," मावशी म्हणाली. "घेवडा नेतेस का थोडा?"

मी घेवडा घेतला आणि घरी आले. तिला फारसा आग्रह केला नाही. खरं सांगायचं तर मला तो करायचाच नव्हता.

घटस्थापनेच्या दुसऱ्या दिवशी नागपूरहून सौमित्रचा फोन आला. तो एरवी आधी माझ्या गुडघ्यांची चौकशी करतो. त्या दिवशी केली नाही.

"ताई, माझ्या बारशाच्या फोटोत मला मांडीवर घेऊन कोण बसलंय?"

"माझी आई."

"हेमामावशी मी जन्मायच्या आधी गेली."

मी नवमीची सगळी हकिगत सांगितली. त्यानं ऐकून घेतली. मध्ये बोलला नाही, याचा अर्थ तो चिडला होता.

"आमच्या रेवाला शाळेत आजीचा फोटो न्यायचा होता," तो म्हणाला. "तिनं उघडला आणि म्हणाली, ही आजी नाही. मग काल व्हिडिओवर बोलताना तिनं आईचा नवा फोटो काढला. कॅटलॉगमध्ये गेल्या गेल्या तो पण हेमामावशीचा झाला. फोनमध्ये तर आता वेगळं काही राहत नाही. म्हणजे आईचा फोटो आम्हाला काढताच येत नाही, ताई. उद्या तिचं काही बरंवाईट झालं तर हार घालायला माझ्याकडे माझ्या आईचा चेहरा नाही."

"ती संमती देत नाही, सौमित्र."

"तू मागितलीस, की नुसतं कानावर घातलंस?"

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"तुझ्याकडे आता दोघी आहेत," तो म्हणाला. "कॅटलॉगमध्ये आई आणि दोन गल्ल्यांवर मावशी. माझी एकच होती. डबीतून सगळं परत घाल."

"बघते," मी म्हटलं. आमच्याकडे 'बघते' म्हणजे 'नाही', हे त्यालाही माहीत होतं.

त्याचं बरोबर होतं. पण बरोबर असलेली गोष्ट करायलाही अंगात जोर लागतो, आणि माझा जोर हल्ली सकाळी पाण्याच्या तक्रारी ऐकण्यात संपतो. पुढचे काही दिवस मी उन्हाच्या सुट्टीत जेवण झालं की पडायचं सोडून फोटो बघत बसले. नवरा म्हणाला, डोळे बिघडतील. मी म्हटलं, बिघडू देत. पंचेचाळीस वर्षांची भूक एकदम लागली होती.

ती भागेना, हे मात्र हळूहळू माझ्या लक्षात आलं. कुठेतरी अडत होतं. आई सगळीकडे होती, पण एकाही फोटोत कॅमेऱ्याकडे बघत नव्हती. महाबळेश्वरला सगळे दात काढून उभे आहेत आणि आई माझ्या बुटाच्या सुटलेल्या नाडीकडे बघते आहे. पेढ्यांच्या फोटोत ती माझ्या ताटलीकडे बघते आहे. लग्नात तिची नजर माझ्या मुंडावळ्यांवर आहे, त्या सरकल्या होत्या म्हणून. हे बघणं माझ्या चांगलं ओळखीचं होतं. पोर जेवलं का, पडलं का, घामेजलं का, असं बघणं. मी त्याच्याखाली वाढले होते आणि त्याचा मला कितीदा तरी वैताग आला होता. कपाळ आणि भुवया आईच्या होत्या, पण बघणारी मावशी होती.

मग आई स्वतः कशी बघायची ते बघावं म्हणून मी तिचे खरे, मूठभर फोटो उघडले. आईला फोटोची हौस होती. ती सरळ कॅमेऱ्यात बघायची, मान वर करून. मला तिचं नीट असं एकच आठवतं : हसली की वरचा एक दात शेजारच्या दातावर चढलेला दिसायचा आणि मी त्याला बोट लावायची. फोटोत आई मान वर करून सरळ बघत होती. पण ती ओठ मिटून हसत होती. पुढचा फोटो उघडला, त्याच्या पुढचा उघडला. दात कुठेच नव्हता.

काय झालं असेल ते समजायला मला वेळ लागला नाही, अण्णांनी इतक्या वेळा समजावलं होतं. चेहरेपट्टी एकदा बनवून कपाटात ठेवलेली नसते. तिच्या नावावर जे जे असेल त्यावरून ती रोज थोडी सुधारते. हसू कसलं, हे बीजात असतं. मावशी आयुष्यभर ओठ मिटून हसली. आता तिची ती हजारो बीजं आईच्या नावावर होती, आणि त्यांच्यापुढे आईचे मूठभर फोटो यंत्राला चुकीचे वाटले. त्यानं ते नीट करून टाकले. दुधात पाणी घालत गेलं की एका टप्प्याला ते दूध राहत नाही, तसं चाललं होतं. आणखी महिन्याभरानं तिथे आई उरली नसती आणि मावशीही. कधी जन्मालाच न आलेली कुणी तिसरी बाई आमच्या घरात पेढे वाटत राहिली असती.

मी चप्पल घातली आणि भर उन्हात मावशीकडे गेले.

तिच्या बाहेरच्या खोलीत आईची चौकट आहे. तिच्यातही कागद नाही, पडदाच आहे, कॅटलॉगमधून चित्र घेणारा. मावशी तिला रोज हार घालते. त्या दिवशी झेंडूचा होता. मी चौकट भिंतीवरून काढली, हार बाजूला केला आणि मावशीच्या मांडीवर ठेवली.

"अक्काचा दात बघ."

"कसला दात?"

"तू बघ तर खरं."

तिनं चष्मा लावला. बराच वेळ बघत राहिली. मग पदरानं काच पुसली आणि पुन्हा बघितलं.

"तोंड मिटलंय," ती म्हणाली. "अक्का कधी तोंड मिटून हसायची नाही गं. आमची आई ओरडायची, झाक तो दात, स्थळं बघायला येतायत. तर ही त्यांच्यासमोर मुद्दाम हसायची. तुझ्या अण्णांसमोर पण हसली. हे कुणी केलं?"

"कुणी नाही. तुझे फोटो तिच्या नावावर गेले ना. यंत्राला वाटतंय, ही बाई तोंड मिटूनच हसते. तू हसतेस तशी."

मावशीनं चौकट उलटी केली, पाठीमागून बघितली, जणू तिथे काही मिळणार होतं. मला तिची फार दया आली. तिच्या बाजूनं तिनं असलेलं सगळं देऊन टाकलं होतं.

"म्हणजे तिचं होतं नव्हतं ते पण घालवलं मी," ती म्हणाली.

"अजून नाही गेलं. मुदत आहे. डबी आणलीय मी."

"मग ती तुझ्या लग्नातून जाईल."

"जाईल."

"चालेल तुला?"

"नाही चालणार," मी म्हटलं, आणि मला रडू यायला लागलं. "पण मावशी, ती आली नव्हती माझ्या लग्नाला. तू आली होतीस. माझ्या मुंडावळ्या तू सारख्या केल्यास. ते तिच्या नावावर घालून तिला काय मिळालं? तिचा दात गेला. आणि सौमित्रची आई गेली."

"त्याला काय, मी समोर आहे त्याच्या."

"त्याला विचार एकदा."

तिनं विचारलं नाही. चष्मा काढून पुसत बसली. मग म्हणाली, "लाव ते काय लावायचं ते."

डबी जोडली. पडद्यावर आलं : 'मालकाची खातरजमा. कॅमेऱ्याकडे पाहा.' मावशी पदर सारखा करून बसली आणि त्या एवढ्याशा काचेकडे बघत राहिली. यंत्रानं थोडा वेळ घेतला. मग त्याच्या नेहमीच्या गोड आवाजात म्हणालं, "ओळख पटली. हेमलता. स्थिती : मृत. मृत व्यक्तीला संमती देता येत नाही."

"घ्या," मावशी म्हणाली. "मेले मी."

आणि ती हसायला लागली. मीही हसले. इतक्या दिवसांत आम्ही दोघी पहिल्यांदा एकत्र हसत होतो, तेही असल्या गोष्टीला. अशा वेळी जवळच्या दोन नातेवाइकांची साक्ष चालते, असं खाली बारीक अक्षरात होतं. सौमित्रला व्हिडिओ कॉल लावला. तो कामावर होता, जिन्यात येऊन उभा राहिला. मागून माणसांची ये-जा चालली होती.

"समोरील व्यक्ती आपली कोण?" यंत्रानं विचारलं.

"आई," सौमित्र म्हणाला. "पुष्पलता. माझी आई आहे ती, तुला किती वेळा सांगू?"

माझ्या वेळी यंत्रानं जुन्या कागदांवरून उत्तर आधीच भरून ठेवलं होतं : 'सावत्र आई'. मी ते पुसलं आणि 'मावशी' म्हटलं.

"बरोबर," मावशी म्हणाली, यंत्राच्या आधी.

परत चढवायला वेळ लागणार होता. सौमित्र कामावर गेला. जाताना म्हणाला, "ताई, गुडघे कसे आहेत?" मी म्हटलं, आहेत. मग मी लग्नाचा फोटो उघडून ठेवला. मावशी म्हणाली, कशाला बघत बसतेस, त्रास होईल. मी म्हटलं, होऊ दे. आई गेली त्या दिवशी मला शेजाऱ्यांकडे नेऊन ठेवलं होतं, खाऊ देऊन. ती जाताना मी पाहिली नव्हती. या वेळी मला पाहायची होती.

फार काही झालं नाही. फोटो एकदा धूसर झाला आणि वरून खाली परत निघत आला. आधी मांडवाची झालर आली, मग अण्णांचा फेटा. मग कपाळ आलं आणि ते आईचं नव्हतं. भुवया, गाल, मिटलेले ओठ, सगळी मावशी. नजर होती तिथेच, माझ्या मुंडावळ्यांवर. मी खूप रडले. मावशी माझ्या पाठीवरून हात फिरवत राहिली आणि रडू नको असं एकदाही म्हणाली नाही. भिंतीशी टेकवलेल्या चौकटीत आई दात दाखवून हसत होती.

बऱ्याच वेळानं मावशीनं पडदा स्वतःकडे ओढला आणि लग्नाचा फोटो नीट बघितला. आपला फोटो असा टक लावून बघताना मी तिला कधी पाहिलं नव्हतं.

"साडी कुठली आहे ही, ओळखलीस?" तिनं विचारलं.

"तुझी. तू लग्नासाठी घेतलीस ना?"

"मी कुठली घेते? अक्काची आहे. तू पोटात होतीस तेव्हा डोहाळजेवणाला नेसली होती. काठ बदलून घेतला मी."

मी फोटो मोठा करून तो काठ बघितला.

"तुझ्या प्रत्येक कार्याला तिचं काहीतरी अंगावर घालायचेच मी," मावशी म्हणाली. "म्हटलं, तेवढीच येईल ती. ह्यांना पण माहीत नव्हतं."

मी पेढ्यांचा फोटो उघडून तिच्यासमोर धरला. तिनं चष्मा वर सरकवला, फोटो डोळ्यांजवळ नेला आणि थोडा वेळ शोधलं.

"कुड्या," ती म्हणाली. "बघ, कानात. पुढचा लाव."